मंगळी वरठाच्या नावानं

मंगळी वरठाला स्वतःचं फेसबुक खातं नव्हतं. फोनवर व्हॉट्सअ‍ॅप तेवढं होतं, तेही ग्रामपंचायतीचे निरोप त्यावर येतात म्हणून. त्यामुळे एका संध्याकाळी शेजारच्या दीपानं कामावरून आल्या आल्या विचारलं, "काकी, तू कंपनीच्या बाजूनं कदी झालीस?" तेव्हा मंगळी मोहाची वाळत घातलेली फुलं टोपलीत भरत होती, ती नुसती हसली. पोरगी थट्टा करते असं तिला वाटलं.

दीपा थट्टा करत नव्हती. ती तारापूरच्या एका कारखान्यात पॅकिंगला जायची. दुपारच्या सुट्टीत कुंभवलीच्या मैत्रिणीनं तिला फोनवर काहीतरी दाखवलं होतं. तेच तिनं आता मंगळीपुढे धरलं.

फोटो मंगळीचाच होता. निळी साडी, हातात माईक, तोंड अर्धवट उघडं. खाली नाव होतं, 'मंगळी वरठा, ग्रामपंचायत सदस्य'. त्याखाली लिहिलं होतं: 'आमच्या परिसराच्या सर्वांगीण विकासासाठी प्रस्तावित प्रक्रिया केंद्राचे मी मनःपूर्वक स्वागत करते. काही मोजके लोक आदिवासी बांधवांची दिशाभूल करीत आहेत. त्यांना बळी पडू नका.' शंभरावर लोकांनी त्याला अंगठा दिला होता.

मंगळी आश्रमशाळेत आठवीपर्यंत शिकलेली. तिनं अक्षर न् अक्षर लावत ते दोनदा वाचलं.

"हे मी नाय लिवलं."

"मंग कोणी लिवलं?"

"मला काय माहीत?"

दीपा फोन घेऊन घरात गेली. तिच्या त्या तडक जाण्यातच मंगळीला कळलं की पोरीचा पुरता विश्वास बसलेला नाही.

त्यांचा खडकपाडा बेटेगावच्या पुढे, टेकडीच्या पायथ्याशी. साठेक घरं. पावसाची शेती झाली की निम्मी माणसं कामाला बाहेर पडायची, कुणी कारखान्यांत, कुणी वीटभट्टीवर. पाड्याच्या मागे गुरचरणाची जागा होती. तिथं मोहाची जुनी झाडं होती आणि उतारावर एक ओहोळ. कारखान्यांमधला गाळ आणि कचरा आणून साठवायचं केंद्र त्या जागेवर बांधायचा एका कंपनीचा बेत होता. त्यासाठी ग्रामसभेची संमती लागत होती. जानेवारीच्या सभेत विषय निघाला तेव्हा मंगळीनं उठून एवढंच म्हटलं होतं, "जागा देयाची नाय. ओहोळ खाली आमच्याच शेतात येतो." पाड्यानं तिला साथ दिली आणि विषय एक मेच्या सभेवर ढकलला गेला. आता एप्रिलचा पहिला आठवडा चालू होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी बोरिंगवर बायकांची रांग होती. मंगळी आली आणि बोलणं थांबलं. पाड्यातली सगळ्यांत म्हातारी बुधी, जिला सगळे डोकरी म्हणायचे, तिला मात्र आडून बोलायची सवय नव्हती.

"काय दिलं तुला त्यांनी?" तिनं विचारलं.

"आज्ये, मी काय घेतलं नाय. लिवलं पण नाय."

"मंग फोटू तुझा कसा?"

मंगळीचा हंडा भरला तरी कुणी डोक्यावर चढवायला पुढे आलं नाही. तिनं तो कमरेवर घेतला, घरी नेऊन ठेवला, मतदानाचं ओळखपत्र पिशवीत टाकलं आणि बोईसरच्या रिक्षेसाठी रस्त्यावर जाऊन उभी राहिली.

बोईसर स्टेशनच्या पूर्वेला रिद्धी तामोरेचं झेरॉक्सचं दुकान होतं. रिद्धी किनाऱ्यावरच्या मच्छीमार घरातली. तिची आई अजून बाजारात सुके बोंबील विकायला बसायची. जातीचे दाखले, रेशन कार्ड, शिष्यवृत्तीचे फॉर्म, पाड्यातल्या लोकांची सगळी कामं रिद्धीच्याच कॉम्प्युटरवर व्हायची. मंगळीनं सांगितलेलं तिनं मधे न बोलता ऐकलं, खातं शोधून काढलं आणि खुर्ची पुढे ओढली.

"आधी एक सांगते, मंगळीताई. पाड्यातल्या पोरांना खाली शिव्या लिहायला लावू नका."

"का? लिवू दे की."

"शिव्या बघितल्या की ते घाबरून खातं पुसतील. मग तुमच्या हातात काय राहील? कुणी म्हणेल, असं काय नव्हतंच. आधी पुरावा घेऊ."

तिनं त्या खात्यावरच्या एकेका मजकुराचा स्क्रीनशॉट घेतला, तारीख दिसेल असा. खात्याची वरची लिंक उतरवून घेतली. नाव आणि फोटो ते लोक उद्या बदलतील, पण लिंक असली की मागोवा काढता येतो, असं तिनं सांगितलं. मग सगळं छापून मंगळीच्या हातात दिलं. सात पानं झाली. त्या खात्यानं आठ दिवसांत चार वेळा मंगळीच्या नावानं बोलून घेतलं होतं.

मग रिद्धी तक्रारीकडे वळली. खात्याच्या नावाशेजारच्या तीन टिंबांवर दाबलं की तक्रारीचा पर्याय येत होता. त्यात, हे खातं कुणाचं सोंग घेतंय, असा प्रश्न होता.

"हे मी माझ्या फोनवरून केलं तर मी तिऱ्हाईत. करते मी तेपण. पण ज्याच्या नावाचं खातं आहे त्यानं ओळखपत्र जोडून तक्रार केली, की तिला वजन येतं."

"माजं तर खातंच नाय."

"खातं नसलेल्यांसाठी वेगळा फॉर्म असतो. हा बघा." तिनं ओळखपत्र स्कॅन केलं. मग एका चौकोनात लिहायची जागा आली. "काय लिहू?"

मंगळीनं विचार केला. "लिव, ही मी नाय."

"एवढंच?"

"खरं तेवढंच हाय. पुढं तुला काय लिवायचं ते लिव."

रिद्धीनं पुढे चार ओळी लिहिल्या आणि मंगळीला वाचून दाखवून मगच फॉर्म पाठवला.

तीन दिवसांनी उत्तर आलं. खातं नियमांचं उल्लंघन करत नाही, असं त्यात लिहिलं होतं. त्याच दिवशी त्या खात्यावर पाचवा मजकूर आला. 'माझ्या भूमिकेला पाठिंबा देणाऱ्या सर्वांची मी ऋणी आहे.'

संध्याकाळी मंगळीचा नवरा अंकुश कामावरून आला तो हातपाय न धुताच ओट्यावर बसला. तो तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत ठेकेदारामार्फत पिंपं चढवण्या-उतरवण्याचं काम करायचा. ठेकेदाराचं नाव कमलेश. त्याचीच माणसं कंपनीच्या नव्या कामावर लागणार होती, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

"कमलेशशेठनं आज बोलावून मला चा पाजला," अंकुश म्हणाला.

"कशाला?"

"म्हणतो, तुजी बायको शहाणी हाय. आता एक मेपरेंत तिला गप ऱ्हायला सांग. सही नको, भाषण नको, काय पण नको."

मंगळी चुलीपुढे होती. ती बाहेर आली.

"मंग तू काय म्हणालास?"

"काय म्हणणार? चा प्यालो." तो जमिनीकडे बघत होता. "मंगळी, तू इचार कर. तू कुटं काय बोललीस? खातं बोलतंय. तू खोटं बोललीस असं कोणाला म्हणता येनार नाय. तुला नुसतं गप बसायचं हाय."

"माझ्या नावानं बोलतंय ना? आन मी गप ऱ्हायले तर ते माझंच बोलणं झालं."

"त्यानं गेटपास बंद केला तर?"

"तर बंद."

"तुला सोपं वाटतं."

"सोपं नाय वाटत," मंगळी म्हणाली. "पन गप बसणार नाय."

मंगळीला भीती वाटत नव्हती असं नाही. घरात कमावता तोच एकटा होता, आणि पावसाळ्याच्या तोंडावर काम गेलं तर काय, याचा हिशोब तिलाही कळत होता. पण बोरिंगवरचा बुधीचा प्रश्न तिला त्याहून जड जात होता.

सकाळी ती पुन्हा रिद्धीच्या दुकानात गेली.

"फेसबुकनं नाय म्हटलं म्हणून संपत नाही," रिद्धी म्हणाली. "ह्या कंपन्यांना आपल्या देशात तक्रार अधिकारी ठेवावा लागतो. दुसऱ्याचं सोंग घेतल्याची तक्रार ज्याचं सोंग घेतलं त्यानं स्वतः केली, तर चोवीस तासांत काम करायचं, असा नियम आहे. आता त्या अधिकाऱ्याला लिहू. सरकारच्या सायबर गुन्ह्यांच्या वेबसाइटवर पण टाकू. आणि तुम्ही पोलिसांत अर्ज द्या."

"पोलीस घेतील?"

"घेतील. लगेच नाय घेतील."

रिद्धीचं खरं निघालं. ठाण्यातल्या हवालदारानं सात पानं उलटली आणि परत पुढे सारली.

"फेसबुकवर हे चालायचंच, बाई. पैसे गेलेत का तुमचे?"

"नाय."

"घाणेरडे फोटो टाकलेत?"

"नाय."

"मग नुकसान काय झालं?"

"माझ्या पाड्यातली डोकरी मला इचारते, तुला काय दिलं म्हणून," मंगळी म्हणाली. "हंडा चढवायला कोण हात लावत नाय. लोकांनी मला मत दिलं ते माझ्या बोलण्यावर दिलं. ते बोलणंच चोरलं. हे नुकसान नाय तर काय हाय?"

हवालदारानं तिच्याकडे जरा नीट पाहिलं. "अर्ज ठेवून जा. साहेब आले की बघतील."

"शिक्का मारून पोच द्या. मंग जाते."

"साहेब आल्यावर."

"मंग बसते."

ती अकराला बाकावर बसली. दुपारी हवालदार डबा खाऊन आला तेव्हा ती तिथंच होती. तीन वाजता एक बाई मुलगा हरवल्याची तक्रार घेऊन रडत आली, मंगळीनं तिला बाजूला बसवून पाणी दिलं. चार वाजता साहेब आले. त्यांनी अर्ज वाचला, हवालदाराला काहीतरी खालच्या आवाजात सांगितलं, आणि मंगळीच्या प्रतीवर शिक्का बसला. अर्ज पालघरच्या सायबर शाखेकडे पाठवू, असंही ते म्हणाले.

ती पोच घेऊन मंगळी पाड्यात दारोदार फिरली नाही. आपण खरं बोलतो हे एकेकाच्या पाया पडून पटवायला ती तयार नव्हती. फक्त दीपाला तिनं कागद दाखवला. दीपानं तो वाचला, खाली शिक्का पाहिला आणि मान खाली घालून म्हणाली, "काकी, मी तवाच तुला नीट इचारायला पायजे होतं."

"आता इचारलंस ना. बस झालं."

एक मेला झेंडावंदन झाल्यावर शाळेच्या पत्र्याच्या शेडमध्ये ग्रामसभा भरली. एरवी चाळीस माणसं जमली तरी पुष्कळ, त्या दिवशी बाहेर उन्हातही लोक उभे होते. कमलेश मागच्या भिंतीला टेकून होता. कंपनीच्या वतीनं शैलेश आला होता. तो गावोगावी कार्यक्रम घ्यायचा, वह्या वाटायचा, सगळ्यांना नावानं हाक मारायचा. त्यानं केंद्रामुळे होणारे फायदे सांगितले आणि शेवटी फाइलमधून एक कागद काढला.

"तुमच्याच सदस्या मंगळीताई वरठा यांनी जाहीर पाठिंबा दिलेला आहे. मी त्यांचेच शब्द वाचतो. 'आमच्या परिसराच्या सर्वांगीण विकासासाठी...'"

"थांबा," मंगळी म्हणाली.

ती पुढे आली.

"ते माझे शब्द नाय. मला सर्वांगीण म्हणजे काय ते इचारून घ्यावं लागलं. ते खातं खोटं हाय. मी पोलिसांत अर्ज दिलाय, हा शिक्का." तिनं कागद वर धरला. मग शैलेशकडे वळली. "शैलेशभाऊ, हा फोटो कोणी काडला?"

"कार्यक्रमात बरेच जण फोटो काढतात, ताई. मला कसं आठवेल?"

"आठ मार्चला तुमी आमाला बोईसरला नेलं, शिलाई मशिनी वाटायला. मला माईक दिला. आमच्या सगळ्या बायका खाली बसल्या होत्या. स्टेजवर माझ्या बाजूला तुमी एकटेच होते, मोबाइल धरून. हा फोटो बाजूनं काडलाय. खालून नाय."

शेडमध्ये बायकांची कुजबुज सुरू झाली. त्यातल्या बाराजणी त्या दिवशी बोईसरला होत्या.

"तुम्ही माझ्यावर आरोप करताय," शैलेश म्हणाला. त्याचा आवाज पहिल्यांदाच चढला.

"आरोप नाय केला. इचारलं. उत्तर पोलिसांना द्या."

तिनं सातही पानं ग्रामसेवकाच्या टेबलावर ठेवली. "भाऊ, हे प्रोसिडिंगात लिवा. माझ्या नावानं खोटं खातं काडलं, त्यातला मजकूर सभेत वाचला, आन मी तो नाकारला."

ग्रामसेवक चाचरला. "हा विषय आजच्या पत्रिकेवर नाही."

"त्यांनी वाचला तो कागद होता काय पत्रिकेवर?"

कुणीतरी मागून हसलं. ग्रामसेवक अजून पेन उघडत नव्हता. तेव्हा बुधी काठी टेकत उठली, त्याच्या टेबलाशी गेली आणि वहीवर बोट ठेवून उभी राहिली.

"लिव," ती म्हणाली. "मी पन तिच्यावर शंका घेतली. ते पन लिव."

त्यानं लिहिलं. मंगळीनं ते मोठ्यानं वाचून घेतलं. त्यानंतर जागेचा विषय मांडला गेला आणि हात वर झाले ते नकाराचे. संमतीच्या बाजूनं नऊ हात होते. कमलेश ते मोजून होण्याआधीच बाहेर पडला होता.

सभा सुटल्यावर दीपानं शाळेच्या पायरीवर बसून पाड्यातल्या फोनवाल्यांना एकेक करून त्या खात्याची तक्रार कशी करायची ते दाखवलं. तीन टिंबं कुठं असतात हे सांगता सांगता तिचा घसा बसला. तिसऱ्या दिवशी खातं दिसेनासं झालं. एवढ्या सगळ्यांच्या तक्रारींमुळे, की तक्रार अधिकाऱ्याला रिद्धीनं लिहिलेल्या पत्रामुळे, की वाचलेला कागद अंगावर उलटला म्हणून काढणाऱ्यांनीच ते बंद केलं, हे कुणाला कधी कळलं नाही.

त्याच्या दुसऱ्या दिवशी अंकुश दुपारीच घरी आला. डबा न उघडलेला. गेटवर त्याचा पास चालला नव्हता. दोघांनी तो डबा वाटून खाल्ला. मग तो म्हणाला, "गेटवर रामधनी होता, माझ्या पाळीतला. म्हणतो, भाभी ने ठीक किया. सगळ्यांसमोर म्हणाला."

"आन तू काय म्हणतोस?"

"मी काय म्हणू? मला चा पाजला तेव्हाच मी उठून यायला पायजे होतं."

पंधरा दिवस त्याला काम नव्हतं. मग सफाळ्याला एका भाताच्या गिरणीत मिळालं, लांबचं आणि कमी रोजाचं. तो जाऊ लागला.

जूनच्या पहिल्या आठवड्यात पालघरहून बोलावणं आलं. सायबर शाखेत जबाब द्यायचा होता. त्या दिवशी अंकुशनं सुट्टी घेतली आणि तो बरोबर आला. कार्यालयात एक तरुण अधिकारी कॉम्प्युटरपुढे बसला होता. बोलायला नीट होता. त्यानं सांगितलं की खातं ज्या नंबरावरून उघडलं तो नंबर भलत्याच कुणाच्या नावावर आहे, त्या माणसाला शोधतोय, वेळ लागेल.

"खातं तर आता बंद झालंय," तो म्हणाला. "तुम्हाला तक्रार पुढे चालवायची आहे, की मागे घेताय? मागे घेतली तरी हरकत नाही. पुष्कळ लोक घेतात."

"खातं बंद झालं. काडणारा मोकळाच हाय," मंगळी म्हणाली. "चालवायची."

"त्रास होईल. फेऱ्या माराव्या लागतील."

"मारीन."

"संशय कुणावर?"

अंकुशनं तिच्याकडे पाहिलं. मंगळीनं दोन नावं सांगितली, शैलेशचं आणि कमलेशचं, आडनावांसकट, सावकाश, टाइप करायला सोपं जावं म्हणून. फोटो कुठून काढला होता ते सांगितलं, आणि चहा पाजून कुणी काय निरोप दिला तेही. तो निरोप अंकुशनंही स्वतःच्या तोंडानं सांगितला.

अधिकाऱ्यानं जबाब छापला आणि सहीसाठी पुढे ठेवला. मंगळीनं तो हातात घेऊन वाचायला सुरुवात केली. बोट ओळीवरून हळूहळू सरकत होतं. अधिकाऱ्यानं दोनदा घड्याळाकडे बघितलं. दुसऱ्या पानावर तिचं बोट थांबलं.

"इथं लिवलंय, 'गैरसमजातून सदर खाते उघडण्यात आले असावे.' हे मी नाय बोलले."

"ते आपलं लिहायची पद्धत असते, ताई."

"माझ्या जबाबात मी बोलले तेच पायजे. गैरसमज नव्हता. फसवणूक होती. ते काडा आन हे घाला."

"पान परत छापावं लागेल. प्रिंटर मगाशीच अडकलाय."

"मला घाई नाय," मंगळी म्हणाली, आणि पान त्याच्याकडे परत सरकवलं.

अधिकाऱ्यानं प्रिंटरचं झाकण उघडलं आणि अडकलेला कागद ओढून काढायला लागला. अंकुश बाहेर जाऊन तिघांसाठी चहा सांगून आला. नवं पान यायला अर्धा तास लागला. मंगळीनं ते पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचलं, आणि मगच खाली आपलं नाव लिहिलं.